‘अंकुराची वाढ’ : एका मिनिटाचा हिशेब

न पाहिलेल्या कलाकृतीवर टीका लिहिणें हें टीकाकाराच्या धर्मास सोडून आहे, असा आक्षेप कोणी घेतल्यास तो आम्ही आगाऊच मान्य करून ठेवितों. ज्या चित्रपटाविषयीं येथें लिहावयाचें योजिलें आहे तो आम्हीं पाहिलेला नाहीं, आणि वाचकांपैकीं कोणीं पाहिला असण्याचाही संभव नाहीं. दादासाहेब फाळके यांचा ‘अंकुराची वाढ’ हा तो चित्रपट. काळ १९१२ च्या सुमाराचा. लांबी एका मिनिटाहून किंचित् अधिक. पात्र एकच, आणि तेंही वाटाण्याचें रोप. ‘राजा हरिश्चंद्र’, ‘लंकादहन’, ‘श्रीकृष्णजन्म’, ‘कालियामर्दन’ यांचे कमीअधिक अवशेष जपले गेले आहेत व जिज्ञासू माणसास ते पाहतां येतात. हा चिमुकला पट मात्र आज पाहावयास मिळत नाहीं. तथापि एवढ्यावरून त्याच्याविषयीं मौन धरावें हें आम्हांस पटत नाहीं. गणपतिशास्त्री यांनीं १९१२ सालीं त्रिवेंद्रमहून भासाचीं नाटकें प्रसिद्ध करण्यास आरंभ केला, तोंपर्यंत आमचे पंडित शतकानुशतकें त्या कवीविषयीं नुसत्या उल्लेखांवरून बोलतच आले होते. आणि तें सर्व बोलणें व्यर्थ होतें असें कोणी म्हणत नाहीं.

चित्रपटाची हकीकत बहुतेक सुशिक्षित घरांत ठाऊक असते. १९११ सालीं गिरगांवांत ख्रिस्ताच्या चरित्रावरील चित्रपट पाहून फाळक्यांच्या मनानें घेतलें कीं आपलीं दैवतेंही पडद्यावर अशींच चालतीं-बोलतीं झालीं पाहिजेत. मग त्यांनीं रोज तासन् तास चित्रपट पाहण्याचा व त्या विद्येचीं पुस्तकें वाचण्याचा असा सपाटा लावला कीं डोळ्यांवर ताण पडून कांहीं काळ दृष्टि गेल्यासारखी झाली. उपचारानें ती परत आली. १९१२ च्या आरंभीं ते इंग्लंडास जाऊन कॅमेरा वगैरे सामग्री खरेदून आले. परंतु पुढें मोठा चित्रपट काढावयाचा तर भांडवल पाहिजे, आणि जी वस्तु या देशांतील माणसानें कधीं केली नाहीं तिच्यावर पैसा लावणार कोण? तेव्हां त्यांनीं एका कुंडींत वाटाणे पेरले, कुंडीसमोर कॅमेरा रोखून ठेवला आणि रोज एक याप्रमाणें महिन्याहून अधिक दिवस चित्रें घेतलीं. तीं पडद्यावर एकापाठोपाठ धांवूं लागलीं तेव्हां दाणा फुटतो, कोंब वर येतो, त्यास पानें येतात, त्याचा वेल होतो, हें सर्व पाहणारांनीं मिनिटभरांत पाहिलें. यशवंतराव नाडकर्णी, नारायणराव देवहारे प्रभृति निवडक गृहस्थांस पट दाखविण्यांत आला. त्यांनीं कर्ज देऊं केलें. आणि ३ मे १९१३ रोजीं मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहांत ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांपुढें आला. इतिहासकार या कुंडीस एक परिच्छेद देतात आणि घाईघाईनें हरिश्चंद्राकडे वळतात. जिन्याच्या पहिल्या पायरीकडे जितकें लक्ष द्यावें तितकेंच ते तिच्याकडे देतात.

आमचें म्हणणें असें कीं ती पायरी नव्हे, ती स्वतंत्र कृति आहे. ज्यास आज ‘प्रायोगिक लघुपट’ म्हणतात, ज्यांत कथा नाहीं, नट नाहीं, संवाद नाहीं, आणि काल व निसर्ग हे दोनच विषय आहेत, असा मराठी माणसानें केलेला पहिला पट हाच. आणि त्याच्याविषयीं आपण जी गोष्ट पिढ्यान् पिढ्या सांगत आलों तींत एक मोठी चूक आहे. ती चूक आमच्या ध्यानांत आली नव्हती. ध्यानांत आणून दिली ती एका विद्यार्थिनीनें.

उल्हासनगरच्या कॅम्प नंबर तीनमधील ज्या महाविद्यालयांत आम्ही इंग्रजी वाङ्मय शिकवितों, तेथें गेल्या हिंवाळ्याच्या तोंडीं विद्यार्थ्यांसाठीं कांहीं लघुपट दाखविण्याचें ठरलें. इंग्रज छायाचित्रकार पर्सी स्मिथ याचा १९१० सालचा ‘बर्थ ऑफ अ फ्लॉवर’ दाखविला. त्यांत कळ्या डोळ्यांदेखत उमलतात. प्रमोद पती यांनीं फिल्म्स डिव्हिजनसाठीं केलेला ‘ट्रिप’ (१९७०) दाखविला. त्यांत तुटक तुटक चित्रें जोडून मुंबईचें रोजचें जीवन असें पळविलें आहे कीं माणसांची लगबग पाहून प्रथम हंसूं येतें, आणि मग येईनासें होतें. आपल्याकडे या प्रकाराचा आरंभ कोणीं केला हें सांगणें ओघानेंच आलें, म्हणून फाळक्यांच्या कुंडीची गोष्ट आम्हीं सांगितली. मूकपट हातानें दांडा फिरवून घेत व सामान्यतः सेकंदास सोळा चित्रें या वेगानें दाखवीत, ही माहितीही जातां जातां दिली. गोष्ट संपतांच मागल्या बांकावरून वाणिज्य शाखेची एक मुलगी उठली. फाळणीनंतर जीं सिंधी कुटुंबें येथील लष्करी बराकींत येऊन उतरलीं त्यांपैकीं एकांतली. मराठी बोलते ती आमच्या कित्येक मराठी विद्यार्थ्यांहून स्वच्छ. ती म्हणाली, “सर, रोज एक म्हणजे महिन्याचीं तीस चित्रं. सेकंदाला सोळा लागतात, तर तीस चित्रं दोन सेकंदही पुरणार नाहींत. मग मिनिट कुठून आलं?”

गेलीं कित्येक वर्षें आम्ही ही गोष्ट वर्गांत सांगत आलों आहों. हा गुणाकार करून पाहण्याची बुद्धि आम्हांस एकदांही झाली नव्हती. वाङ्मयाच्या प्राध्यापकास गणित येत नाहीं ही सबब आम्ही पुढें करीत नाहीं. गोष्ट गोड होती, म्हणून ती तपासावीशी वाटली नाहीं, हेंच खरें.

हिशेब सरळ आहे. सेकंदास सोळा चित्रें धरलीं तर मिनिटास ९६० लागतात. तीं तीस दिवसांत वांटलीं तर रोजचीं ३२ होतात. म्हणजे ‘रोज एक’ आणि ‘एक मिनिट’ या दोन गोष्टी एकाच चित्रपटाविषयीं एकाच वेळीं खऱ्या असूं शकत नाहींत. रोज एकच चित्र घेतलें असेल तर महिन्याचें काम दोन सेकंदांच्या आंत संपलें. पापणी लवली तर वेल हुकला, आणि असल्या झटक्यावर कोणी सावकार कर्ज देईल असें वाटत नाहीं. फाळक्यांनीं रोजचें एक चित्र बत्तीस वेळां उठवून लांबी भरून काढली म्हणावें, तर पडद्यावर दोन दोन सेकंद स्थिर राहणारीं तीस चित्रें दिसलीं असतीं. त्यांत नवल तें काय? आमच्या शेजारच्या कल्याणांत महादेव गोपाळ पटवर्धन यांनीं एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ‘शांबरिक खरोलिका’ या नांवानें कांचेवरील रंगीत चित्रांचे खेळ करून दाखविले होते, आणि त्यांतील चित्रें हालतही असत. असे खेळ त्या काळच्या मुंबई-ठाण्याच्या लोकांस अपूर्वाईचे राहिले नव्हते. तीस ठोकळेबाज चित्रें पाहून त्यांच्यापैकीं कोणी खुर्चीवरून पुढें सरकला नसता.

मग उरतें तें एकच. फाळक्यांनीं दिवसास बत्तीस किंवा त्याच्या आसपास चित्रें घेतलीं असलीं पाहिजेत. अहोरात्र घेतलीं असें धरल्यास दर पाऊण तासास एक. फक्त बारा तासांच्या उजेडांत घेतलीं म्हटल्यास दर बावीस मिनिटांस एक. आतां त्या खोलीचें चित्र डोळ्यांपुढें आणावें. आजच्याप्रमाणें आपोआप चित्र घेणारें यंत्र हातीं नाहीं. दर बावीस मिनिटांनीं उठावयाचें, प्रकाश पाहावयाचा, दांडा हलक्या हातानें फिरवावयाचा, आणि कुंडी किंवा तिवई केसभरही हलूं द्यावयाची नाहीं. जेवणास बसलें तरी कान घड्याळाकडे. कोणी पाहुणा आला तर त्यास दाराशींच थोपवावयाचें. पुढें ‘हरिश्चंद्रा’च्या वेळीं कोऱ्या फितीस भोंकें पाडण्याचें काम सरस्वतीबाईंनीं अंधारांत बसून केलें हें प्रसिद्धच आहे, कुंडीच्या वेळीं घरांतील कोणी पाळी धरली असेल तर नवल नाहीं. नुकताच ज्याच्या डोळ्यांनीं दगा दिला होता असा चाळिशीपलीकडचा गृहस्थ एका वाटाण्याकडे महिनाभर असा टक लावून बसला होता. लोककथेनें या सर्वाचें ‘रोज एक’ करून टाकिलें. फाळक्यांनीं रोपाचा महिना आटवून त्याचें मिनिट केलें, आणि आपण फाळक्यांचा महिना आटवून त्याचे दोन सेकंद केले.

येथें आम्हांस हेन्री बेर्गसाँ या फ्रेंच तत्त्वज्ञाची आठवण होते. त्याचा ‘क्रिएटिव्ह एव्होल्यूशन’ हा ग्रंथ मूळ फ्रेंचमध्यें १९०७ सालीं प्रसिद्ध झाला, म्हणजे फाळक्यांच्या कुंडीच्या पांचच वर्षें आधीं. आणि त्यांत त्यानें मानवी बुद्धीस चित्रपटाच्या यंत्राची उपमा देऊन दोष दिला आहे. वाहतें जीवन बुद्धीस जसेंच्या तसें धरतां येत नाहीं. ती त्याचीं स्थिर चित्रें घेते आणि तीं भराभर फिरवून गतीचा भास उत्पन्न करिते, असा त्याचा आक्षेप. त्याच ग्रंथांत साखरपाण्याचा दाखला आहे. साखर पाण्यांत विरघळावयास वेळ लागतो, आणि तो वेळ पाहणारास सोसावाच लागतो. गणितांत काल कमीजास्त करतां येतो, पेल्यापुढें बसलेल्या तहानलेल्या माणसास तो कमी करतां येत नाहीं. बेर्गसाँचा आक्षेप फाळक्यांच्या पटास लागू पडतो काय? प्रेक्षकांच्या बाजूनें पाहिल्यास पूर्णपणें पडतो. त्यांस साखर विरघळलेलीच मिळाली. करणाराच्या बाजूनें पाहिल्यास मुळींच पडत नाहीं. तो पेल्यापुढें महिनाभर बसला. या पटाच्या पोटीं हा विरोध आहे, आणि त्याचें मोलही आमच्या मतें यांतच आहे: पटाचा खरा विषय जो काल, तो पडद्यावर दिसत नाहीं, तो सगळा करणाराच्या घरीं खर्ची पडलेला आहे.

फाळके जादूचे प्रयोगही करीत, आणि आपलें आडनांव उलटें करून ‘प्रोफेसर केळफा’ असें नांव त्यांनीं घेतलें होतें. आपल्या गारुड्यांचा आंब्याचा खेळ आमच्या पिढीनें लहानपणीं ऐकला तरी आहे. कोय मातींत पुरावयाची, वर फडकें टाकावयाचें, डमरू वाजवावयाचा, फडकें उचलावयाचें. रोप वीतभर वर आलेलें असतें. पुन्हां फडकें, पुन्हां डमरू, आणि शेवटीं आंबा. ‘अंकुराची वाढ’ हा तोच खेळ आहे. फरक एवढाच कीं गारुडी फडक्याखालीं दुसरेंच रोप आणून ठेवतो, आणि फाळक्यांनीं तेंच रोप ठेविलें. फडकें मात्र येथेंही आहे. दोन चित्रांच्या मध्यें जीं बावीस मिनिटें गेलीं तीं प्रेक्षकांस दिसलीं नाहींत. तीं फडक्याखालीं राहिलीं. संस्कृतांत ‘निमिष’ म्हणजे पापणी लवण्यास लागणारा वेळ. कॅमेऱ्याची पापणी उघडते तेवढाच क्षण चित्रांत येतो. आणि या पटांत ती मिटलेलीच फार वेळ होती.

वर्गांतील गणितानें आमची झोंप उडविली होती, म्हणून आम्हीं प्रयोग करून पाहण्याचें ठरविलें. मार्गशीर्षांत आमच्या घराच्या गॅलरींत एका कुंडींत वाणसामानाच्या दुकानांतील वाळलेले पांढरे वाटाणे रात्रभर भिजवून पेरले. (वाटाणा थंडीचें पीक आहे, आमच्या हवेंत तो उन्हाळ्यांत पेरून कोणास हा प्रयोग साधेल असें आम्हांस वाटत नाहीं.) त्या मुलीनें घरचा एक जुना मोबाइल आणून तिवईवर बसविला, आणि दर वीस मिनिटांनीं एक चित्र घेण्याची योजना त्यांत केली. आम्हांस उठावें लागलें नाहीं; यंत्र आमच्यासाठीं जागत होतें. तरी पहिल्या आठवड्यांतच समजून आलें कीं निसर्गापुढें स्थिर बसणें यंत्रासही सोपें नाहीं. ढग आला कीं चित्र काळवंडे. शेजारणीनें वाळत घातलेलें लुगडें वाऱ्यानें उडून दोन तासांचीं चित्रें गिळून गेलें. एके रात्रीं वीज गेली, मोबाइलची शक्ति सरली, आणि पहांटेपर्यंतचीं चित्रें आलींच नाहींत. रात्रीच्या चित्रांसाठीं लावून ठेविलेल्या लहानशा दिव्याकडे रोप हळूंहळूं झुकूं लागलें आहे, हें तर तीन दिवसांनीं ध्यानांत आलें. पाहण्यासाठीं आणलेल्या दिव्यानेंच पाहावयाची वस्तु वांकविली होती. मग दिवा वर टांगला.

महिन्याअखेर दोन हजारांहून अधिक चित्रें जमलीं. सेकंदास चोवीस या हल्लींच्या मानानें सुमारें दीड मिनिटाचा पट झाला. मुलगी हिशेबी. तिनें आपण होऊन त्याच चित्रांतून आणखी दोन पट तयार केले: एकांत तासातासाचें एक एक चित्र घेतलें, दुसऱ्यांत दिवसाचें एकच. तिन्ही एकापुढें एक लावून पाहतांना जें दिसलें त्यानें आम्ही चकित झालों. वीस मिनिटांच्या पटांत रोपाचा शेंडा संथ गतीनें गोल फिरत वर चढतो. सुतासारखे बारीक तंतू हवेंत चांचपडत फिरतात आणि गजास स्पर्श होतांच त्यास वेढा घालतात. तासाच्या पटांत तेंच रोप थंडीनें कुडकुडल्यासारखें डावी-उजवीकडे थरथरतें. दिवसाच्या पटांत तर तें नुसतें उड्या मारतें. आज या बाजूस, उद्यां त्या बाजूस, कांहीं ताळमेळ नाहीं. रोप तेंच, महिना तोच. तीन पटांत तीन स्वभाव.

कारण डार्विननें सांगून ठेविलेलें आहे. दीर्घ आजारांत खोलीमध्यें ठेवलेल्या वेलांकडे पाहत बसून त्यानें त्यांच्या शेंड्यांचे फेरे मोजले व १८६५ सालीं तें निरीक्षण प्रसिद्ध केलें. वाटाण्याचा शेंडा सुमारें दीड तासांत एक फेरा पुरा करितो. वीस मिनिटांनीं पाहिल्यास एका फेऱ्यांतील चार-पांच जागा हातीं लागतात आणि डोळा त्यांचें वर्तुळ बनवितो. तासानें पाहिल्यास फेरा तुटतो. दिवसानें पाहिल्यास तो नाहींसा होतो. कवितेंत मात्रांचा हिशेब चुकला तर अर्थ शिल्लक राहून चाल बिघडते. येथें मात्रा बदलली कीं अर्थच बदलतो. अशा चित्रपटाचा छंद म्हणजे दोन चित्रांमधील अंतर, हें आम्हांस कोणत्याही ग्रंथानें सांगितलें नव्हतें, गॅलरींतील कुंडीनें सांगितलें. आणि म्हणूनच ‘रोज एक’ ही लोककथा केवळ गणितांतच चुकते असें नाहीं. रोज एक चित्र घेणारास वेलाची चाल दिसलीच नसती. पाहणारांस वाढ दिसली असें ज्या अर्थीं सर्व सांगतात, त्या अर्थीं फाळक्यांनीं कुंडीस रोपाच्या तालावर पाहिलें असलें पाहिजे, पंचांगाच्या तालावर नव्हे. त्याच सुमारास जगदीशचंद्र बसू वनस्पतींच्या हालचाली मोजण्याच्या उद्योगांत होते, आणि पुढें त्यांच्या क्रेस्कोग्राफानें रोपाची वाढ हजारों पट मोठी करून दाखविली. एकानें अंतर फुगविलें, दुसऱ्यानें वेळ आटविला. दोघांसही आपल्या देशांतील माणसास हें साधतें असें दाखवावयाचें होतें. बसूंच्या उद्योगास विज्ञानाच्या इतिहासांत प्रकरण मिळालें. फाळक्यांच्या कुंडीस कर्जाच्या इतिहासांत एक ओळ मिळाली.

९६० हा आंकडा डोक्यांत घोळत असतां एक गंमत सुचली. आमच्या येथून दोन-तीन मैलांवर, वालधुनीच्या कांठीं, अंबरनाथाचें शिलाहारकालीन देऊळ आहे. त्यावरील शिलालेख शके ९८२ म्हणजे इ.स. १०६० चा आहे. त्या वर्षापासून कोणीं देवळाचें दर वर्षास एक चित्र घेत गेलें असतें, तर १६ च्या मानानें आतां कोठें एक मिनिट भरलें असतें. त्या मिनिटांत दगडांवरील नर्तकींचीं नाकें हळूंहळूं झिजलीं असतीं, पावसाळ्यांत शेवाळ चढून उन्हाळ्यांत उतरतें तें मात्र मुळींच दिसलें नसतें, कारण वर्षास एकच चित्र. लष्करी छावणीच्या जागीं ८ ऑगस्ट १९४९ रोजीं ज्यास उल्हासनगर हें नांव मिळालें तें आमचें सबंध शहर, त्याच्या बराकी, दुकानें, कारखाने आणि पांचही कॅम्प धरून, शेवटच्या पांच सेकंदांच्या आंत आटपलें असतें. वालधुनीचें पाणी स्वच्छ होतें तें काळें-निळें झालें हेंही त्याच पांच सेकंदांत. हा पट पाहून कोणी म्हणेल, पाहा, काळाच्या उदरांत हें सर्व किती क्षणिक! आम्ही तसें म्हणणार नाहीं. ज्यांनीं बराकींत गोणपाटाचे पडदे लावून संसार थाटले त्यांस तीं वर्षें क्षणिक वाटलीं नव्हतीं. हें दृश्य खोटें नव्हे, पण तें फार दुरून घेतलें आहे. आणि दुरून घेतलेल्या चित्रास तत्त्वज्ञान समजण्याची चूक आमच्याकडे पुष्कळ वेळां होते.

या प्रकारच्या चित्रपटांवर एक आक्षेप नेहमीं घेतला जातो. तो असा कीं निसर्गास पळविणें म्हणजे त्याचा अपमान करणें. झाड सावकाश वाढतें, हाच त्याचा गुण. तो काढून घेऊन तुम्ही उरलेलें झाड दाखवितां. अब्बास किआरोस्तामी या इराणी दिग्दर्शकानें ‘फाइव्ह’ (२००३) या पटांत समुद्रकांठचीं पांच दीर्घ दृश्यें घेतलीं. लांकडाचा एक तुकडा लाटांत हेलकावे खातो तो खातोच आहे, आपण पाहत राहावयाचें. या पंथाच्या लोकांस फाळक्यांचा वाटाणा उथळ वाटेल. आम्हांस किआरोस्तामींचा पट आवडला, परंतु पंथ पटला नाहीं. शेंड्याचें फिरणें आम्ही पन्नास वर्षें वेलांच्या सहवासांत राहूनही पाहिलें नव्हतें. आटविलेल्या दीड मिनिटानें तें दाखविलें. सावकाश पाहणें आणि नीट पाहणें या गोष्टी एक नव्हेत. जेर्मेन द्युलाक या फ्रेंच बाईंनीं १९२८ च्या ‘थीम्स ए व्हारियासियाँ’ या आपल्या लघुपटांत एका नर्तकीच्या हालचाली यंत्रांच्या व वनस्पतींच्या हालचालींशेजारीं ठेविल्या. कोंबाच्या वर येण्यांत त्यांस शुद्ध चित्रपट दिसला. गति हा दोष नाहीं. दोष तेव्हां उत्पन्न होतो जेव्हां गति दाखविणारा अंतर लपवितो. आजकाल घरोघरीं पडद्यावर फुलें अशीं भराभर उमलतात, मागें वाद्यांचा गजर असतो, आणि एवढें करून कोणास कांहीं वाटत नाहीं. कारण त्यामागें कोणी बसलेला दिसत नाहीं.

या कसोटीवर फाळक्यांचा पट कोठें बसतो? खरें सांगावयाचें तर अर्धाच उतरतो. पडद्यावर त्यांनीं आपली बैठक लपविली; ती लपविणें हाच खेळाचा भाग होता, कारण समोर कर्ज देणारे बसले होते आणि त्यांस चमत्कार पाहिजे होता, श्रम नव्हे. परंतु १९१७ सालीं ‘चित्रपट कसे तयार करतात’ हा जो लहानसा पट त्यांनीं काढला त्यांत स्वतः फाळके, त्यांचा कारखाना, त्यांची माणसें कामांत गढलेलीं दिसतात. त्याचा भाग अजून शिल्लक आहे. त्याच वर्षाच्या अखेरीस ‘नवयुग’ मासिकांतून त्यांनीं आपल्या धडपडीची हकीकत लिहावयास घेतली. आम्हांस हे दोन उद्योग कुंडीच्या पटाचे राहिलेले भाग वाटतात. फडकें गारुड्यानेंच उचलून दाखविलें. फक्त पांच वर्षांनीं.

दुसरी उणीव मात्र भरून निघालेली नाहीं, आणि ती नांवांतच आहे. पटाचें नांव ‘अंकुराची वाढ’. दाण्यापासून वेलापर्यंत, आणि तेथें समाप्ति. ज्यास भांडवल हवें त्यानें वाढीवर थांबावें हें योग्यच. कोणता सावकार वाळलेल्या वेलावर पैसे देईल? परंतु ज्यास कालाचें चिंतन म्हणावयाचें तें वाढीवर थांबून कसें चालेल? हा प्रश्न आम्ही फाळक्यांस विचारीत नाहीं; त्यांस हरिश्चंद्र काढावयाचा होता. आम्हांस तो प्रश्न पडला तो आमच्या गॅलरींतील मोबाइलमुळें.

पट तयार झाल्यावर मोबाइल बंद करावयाचें कोणासच आठवलें नाहीं. मुलीच्या परीक्षा आल्या, आमच्या उत्तरपत्रिका आल्या. रोपास पांढरीं फुलें आलीं, तीन शेंगा धरल्या. दोन पोपटांनीं नेल्या, एक आमच्या घरीं उसळींत पडली. फाल्गुनांत ऊन तापूं लागलें तसा वेल खालून पिवळा पडत गेला. गजास घातलेले वेढे तेवढे सुटले नाहींत. पानें गळून काडी उरली तरी ते तारेसारखे घट्ट होते. परीक्षा संपल्यावर मुलगी तिवई न्यावयास आली, आणि मोबाइलमध्यें सर्व चित्रें आहेत असें पाहून तिनें तीं तेथेंच बसून जोडलीं. पट आतां सवाचार मिनिटांचा झाला आहे. पहिलें दीड मिनिट पूर्वीचेंच. पुढें फुलें, शेंगा, मग पिवळेपणा. आणि शेवटचीं चाळीस सेकंदें वाळलेली काडी, तिच्यावरून फिरणारी गजाची सावली, आणि एका चित्रांत कुंडीच्या कांठावर बसलेला कावळा. वीज गेलेल्या रात्रीची जागा तिनें काळीच ठेविली आहे. ती भरून काढतां आली असती, असें ती म्हणाली. आम्हीं विचारलें, मग भरली कां नाहींस? “तेवढा वेळ कुणी पाहत नव्हतं ना, सर,” असें म्हणून तिनें तिवई मिटली.